‘इतर’च्या रकान्यातली माणसं

माझी मावशी रस्त्यावरची वाहनं मोजायची. हे काम सांगितलं की लोक हसतात. हसा बापडे! सकाळी सात ते संध्याकाळी सात चौकात स्टुलावर बसून रेघा ओढा, मग कळेल. चार उभ्या, एक आडवी, झाले पाच. ट्रक, बस, मोटार, दुचाकी आणि शेवटचा रकाना ‘इतर’.

त्या वर्षी कालव्यावरचा पूल रुंद करायचा होता. निधी किती आणि कशासाठी, ते मोजणीवर ठरणार होतं. माझी आई त्याच पुलावरून रोज कारखान्यात चालत जायची. एकदा ट्रकचा आरसा खांद्याला लागला, तेव्हापासून तिचा उजवा हात डोक्यापर्यंत जात नाही. मावशी पुलाशी मोजायला बसली आणि पायी जाणारे, सायकलवाले, सगळे तिनं ‘इतर’मध्ये धरले. नको म्हणून कोणी सांगितलं नव्हतं.

तिसऱ्या दिवशी इंजिनिअर साहेबांनी बोलावलं.

“बाई, एका दिवसात इतर तीन हजार एकशे बारा? एवढ्या हातगाड्या आल्या कुठून?”

“हातगाड्या नऊच आहेत, साहेब. बाकीची माणसं.”

“माणसं मोजायची नसतात. नऊ लिहा आणि सही करा.”

“मग नव्या पुलावर त्यांनी चालायचं कुठून?”

“कडेकडेनं. आत्ता चालतात तसं.”

मावशीचा पारा चढला. “त्या कडेनंच माझ्या बहिणीचा खांदा गेलाय. नऊवर माझी सही मिळायची नाही.”

“मग पुढच्या मोजणीला येऊ नका.”

“नाही येत.”

दुसऱ्याच दिवशी निधीच्या अर्जाची मुदत संपत होती, नव्यानं मोजायला वेळ नव्हता. साहेबांनी चरफडत मावशीचा तोच तीन हजारांचा कागद वर पाठवला. वरून विचारणा आली, हे एवढे ‘इतर’ कोण? खरं सांगणं भाग पडलं. निधी मिळाला, पण पुलावर चालायला आणि सायकलला वेगळी वाट हवी या अटीवर. साहेबांनी ती एकाच बाजूला बसवली. मावशीचं काम गेलं ते गेलंच. ती आता घरी शिलाई करते. त्या माणसाचा मला अजून संताप येतो.

उद्घाटनाच्या दिवशी आई नव्या वाटेवरून सावकाश चालून आली, एकदाही मागे वळून न बघता. मावशी मात्र समोरच्या बाजूला, गाड्यांच्या धुरात कठड्याला चिकटून उभी होती. साहेब एव्हाना साखरेसारखे गोड झाले होते.

“बाई, इकडे या ना! तुमच्यामुळेच झालं हे. फोटो काढायचाय.”

मावशी जागची हलली नाही. मधून जाणाऱ्या बसच्या वरताण आवाजात ती ओरडली, “या बाजूनं रोज चौदाशे माणसं जातात, साहेब! आधी ही बाजू करा, मग येते फोटोला!”