दुसऱ्या पियानोवरच्या वन्सं

आमच्या वन्सं, म्हणजे ह्यांची थोरली बहीण, पियानो वाजवायच्या. घरच्या घरी नाही हो, लोक तिकीट काढून ऐकायला यायचे. मी लग्न होऊन आले तेव्हा त्यांची बॅग कधी पुरती रिकामी झालेली पाहिली नाही. आज या गावी, परवा त्या. लग्न केलं नाही. कोणी विचारलं की म्हणायच्या, "एवढा मोठा पियानो आहे घरात, नवरा ठेवू कुठे?"

मला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. शाळा माझी चौथीतच सुटली. पण बाकीचे वाजवणारे आपलं वाद्य काखोटीला मारून नेतात, आणि वन्संना जातील तिथे परक्याच्या वाद्याशी जुळवून घ्यावं लागायचं. मी म्हटलं, "सासरी आल्यासारखंच की." तर म्हणाल्या, "तुम्हाला एकच मिळालं, वहिनी. मला रोज नवं."

एक लांबलचक रचना त्यांचा जीव की प्राण होती. एकीकडे पियानो, दुसरीकडे अख्खा वाद्यवृंद. ती त्यांनी तरुणपणी मोठ्या सभागृहात वाजवली. पुढे बोलावणी हळूहळू कमी झाली. कोणी नको म्हटलं नाही, फोन तेवढा वाजेनासा झाला. मग त्या शिकवायला लागल्या.

पुढच्या खोलीत दोन पियानो होते. खिडकीशी मोठा, लांब झाकणाचा. भिंतीला टेकून दुसरा, उभा. विद्यार्थ्याने मोठ्यावर बसायचं आणि वन्संनी उभ्यावर सगळ्या वाद्यवृंदाचं काम एकटीने करायचं. मी विचारायची, "एवढी माणसं मावतात कुठे?"

"बोटांत मावतात. चहा मात्र एकीलाच लागतो, तेवढा आणा."

मुलं तयार होऊन बाहेर पडली. त्यांच्या कार्यक्रमाला वन्सं प्रेक्षकांत बसायच्या, तेव्हाही मांडीवर त्यांची बोटं वाद्यवृंदाचंच वाजवत असायची. आपली बाजू जणू विसरूनच गेल्या होत्या.

हे गेले, माझी मुलं दूर गेली, घरात आम्ही दोघी उरलो. मग वन्संची बोटं सुजायला लागली. डॉक्टर म्हणाले, "गोळ्यांनी दुखणं कमी होईल, वाकणं थांबणार नाही."

त्या दिवशी वन्संनी जेवण तसंच बाजूला सारलं. "वहिनी, ती रचना एकदा माझ्या बाजूने वाजवायची आहे. बोटं आहेत तोवर."

त्यासाठी उभ्या पियानोवर कोणीतरी हवं होतं. त्यांनी चिमणीला फोन केला. चिमणी त्यांची सगळ्यांत लाडकी विद्यार्थिनी, आता स्वतःच मोठी झालेली. मी शेजारीच होते. फोनवर एवढंच म्हणाल्या, "ये एकदा. ती रचना वाजवू या दोघी."

"येते की, बाई! किती वर्षं झाली!"

मग रोज कोमट पाण्यात हात शेकणं आणि मोठ्या पियानोवर सराव. मध्येच कळ आली की कण्हणं मी ऐकू नये म्हणून खोकायच्या. जशी काही मी बहिरी.

चिमणी आली त्या दिवशी वन्संनी ठेवणीतले कपडे घातले होते. पियानोच्या झाकणावर हात ठेवून उभ्या होत्या. चिमणीने त्यांना मिठी मारली, मला म्हणाली, "तुम्ही अजून तश्शाच!" आणि बोलता बोलता सरळ मोठ्या पियानोशी गेली, स्टूल आपल्या उंचीचं केलं आणि बसली.

मी तोंड उघडलं. वन्संनी असं पाहिलं माझ्याकडे, की मी ते मिटलं. त्या भिंतीशी गेल्या आणि आपल्या नेहमीच्या जागी बसल्या.

दोघी छान वाजवत होत्या, खोटं कशाला बोलू. शेवटी चिमणीने डोळे पुसले. "बाई, तुमच्यासारखी साथ खरा वाद्यवृंदसुद्धा करत नाही मला."

"हात तयार आहे तुझा. डाव्याची घाई कमी कर," वन्सं म्हणाल्या.

ती गेल्यावर मात्र मी सोडलं नाही. "मूग गिळून काय बसलात? सांगायचं ना!"

"काय सांगू? ऊठ, जागा माझी आहे? ती बसली आणि मला परत तेवढीशी दिसायला लागली. विद्यार्थ्याला तिथून उठवायचं नसतं, वहिनी."

"मग परत फोन लावा."

"नको. धावत येईल आणि रडत बसेल. मला वाजवायचंय, तिला गप्प नाही करायचं."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी भांडी पुसत होते. पुढच्या खोलीत मोठा पियानो सुरू झाला आणि थोड्या वेळाने एकदम थांबला. कळ आली असेल म्हणून मी हातातल्या पातेल्यासकट धावले. वन्सं हात मांडीत घेऊन ताठ बसल्या होत्या. नजर भिंतीकडच्या पियानोवर, मान किंचित हलत होती.

"फार दुखतंय का?"

"श्श. आत्ता त्यांचं चाललंय."

खोलीत तर काहीच ऐकू येत नव्हतं. मग त्यांनी हात उचलले आणि आपलं पुढे सुरू केलं. मी तिथेच टेकले. परत त्या थांबल्या, बराच वेळ. पातेल्याचा आवाज होऊ नये म्हणून मी ते पोटाशी घट्ट धरून बसले.