मोकल मॅडमचे सात दिवस

आमच्या रोह्याच्या कॉलेजच्या वाचनालयात चार कॉम्प्युटर होते आणि चारही पडद्यांवर मधोमध बोटांचे ठसे असायचे. ते मोकल मॅडमचे. आम्ही लिहिलेल्या वाक्यावर त्या बोट टेकवायच्या आणि विचारायच्या, "हे कुनी सांगितलं गो?" उत्तर मिळेपर्यंत बोट हलायचं नाही. सगळ्यांनाच माहीत आहे, असं म्हटलं की ते वाक्य गेलंच.

मॅडम ग्रंथपाल होत्या. पेणजवळ धरमतरच्या खाडीकाठच्या गावातून रोज एसटीने यायच्या. शनिवारी तास संपले की आम्हा सहा मुलींना त्या इंटरनेटवरच्या मराठी ज्ञानकोशात लिहायला शिकवत. त्यात कुणीही लिहावं, कुणीही दुरुस्त करावं. पगार नाही आणि नोंदीवर लेखकाचं नावही येत नाही. "फुकटचं काम हाय, म्हनून नीट करायचं," असा त्यांचा उफराटा हिशेब होता.

मी पहिली नोंद कोलाडजवळच्या माझ्या गावावर लिहिली. 'निसर्गाच्या कुशीत वसलेलं टुमदार गाव' अशी झोकात सुरुवात केली. मॅडमनी पाच मिनिटांत तिचा फडशा पाडला. 'हे रोहा तालुक्यातील एक गाव आहे' एवढंच काय ते उरलं. मी रडवेली झाले, तेव्हा म्हणाल्या, "कुशीत आईच्या झोपायचं. इथं घरं किती, पानी कुठून येतं, ते सांगायचं." मग तीन आठवडे मी ग्रामपंचायतीत खेटे घातले. वडील धाटावला कंपनीत शिफ्टला जायचे. त्यांना वाटायचं, पोरगी सरकारी परीक्षेला बसतेय.

मॅडमचा जीव मात्र एकाच नोंदीत होता: पेणच्या खाडीकाठची मिठागरं. त्यांच्या वडिलांचा सारा जन्म मिठागरात गेलेला. तरी वडिलांच्या तोंडचं एक वाक्यही मॅडमनी नुसतं तसं घेतलं नाही, कारण ज्ञानकोशाला छापील आधार लागतो. दोन वर्षं वाचनालयं धुंडाळून त्यांनी एक जुनं पुस्तक मिळवलं. वडील सांगायचे त्यातलं जेवढं पुस्तकात सापडलं, तेवढंच लिहिलं. वडिलांना दिसत नव्हतं. मॅडम त्यांना मोबाइलवरून नोंद वाचून दाखवायच्या आणि म्हातारा ओळीओळीला "व्हय, बरोबर हाय" म्हणायचा, हे त्या आम्हाला फार खुशीत सांगत.

पुढे कॉलेजच्या तपासणीला समिती येणार असं ठरलं. प्राचार्यांना अहवालात 'एका दिवसात शंभर नोंदी' दाखवायच्या होत्या. मॅडमनी तोंडावर नकार दिला. "शंभर भाकऱ्यासुद्धा एक बाई एका दिवसात नीट भाजत नाय, सर." नेमके त्याच आठवड्यात मॅडमचे वडील आजारी पडले आणि त्या रजेवर गेल्या. जाताना ज्ञानकोशातल्या आपल्या खात्याचा पासवर्ड मला देऊन गेल्या. मिठागरांच्या नोंदीत शुद्धलेखनाच्या काही चुका राहिल्या होत्या, त्या मी त्यांच्या खात्यावरून दुरुस्त करायच्या होत्या; माझं खातं अजून नवं होतं.

प्राचार्यांनी मला बोलावून घेतलं. वाचनालयात सहायकाची जागा निघणार होती आणि शंभर नोंदी झाल्या तर ती मला मिळेल, असं ते म्हणाले. मी विचार करायला वेळसुद्धा मागितला नाही.

दुसऱ्या दिवशी कॉलेजभरची मुलं गोळा केली. देवळं, धबधबे, शाळा, जे हाताला लागेल ते पर्यटनाच्या संकेतस्थळांवरून उचललं. नव्या खात्यावरून आलेलं लिखाण तपासणारे लगेच पकडतात, हे मला मॅडमनीच शिकवलं होतं. म्हणून शंभरही नोंदी मी मॅडमच्या जुन्या, विश्वासाच्या खात्यावरून चढवल्या. प्रत्येकीखाली आधार हवा, तर मिठागरांचं ते पुस्तकच डकवलं. धबधब्याखाली मिठागरांचं पुस्तक, मारुतीच्या देवळाखालीही तेच. संध्याकाळी पेढे वाटले.

ज्ञानकोशावर देखरेख करणारी माणसंही बिनपगारीच, पण आंधळी नव्हती. चार दिवसांत शंभर नोंदी उडाल्या. शंभर ठिकाणी खोटं ठरलेलं पुस्तक एका ठिकाणी खरं कोण मानणार? मिठागरांची नोंदही गेली. मॅडमच्या खात्यावर सूचना लागली की सात दिवसांत खुलासा करा, नाहीतर खातं कायमचं बंद होईल.

त्याच दिवशी मॅडम रजेवरून आल्या, सूचना वाचली. त्या ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी स्वतः 'ती मी नव्हे' म्हटलं असतं, तर कुणी विश्वास ठेवला नसता. त्यांनी मला समोर बसवलं आणि म्हणाल्या, "काय झालं ते तुझ्या नावानं लिही. चार ओळी पुरे."

मी हो म्हटलं. पण त्या चार ओळींत प्राचार्य आले असते आणि माझी जागा गेली असती. दोन दिवस मी मजकूर जुळवतेय असं स्वतःला सांगत राहिले. उरलेले पाच दिवस वाचनालयाकडे फिरकलेच नाही. आठव्या दिवशी खातं बंद झालं. महिन्याभरात मला नोकरी लागली, तीही मॅडमच्याच हाताखाली. निवृत्त होईपर्यंत त्या माझ्याशी कामापुरतं आणि नीट बोलल्या. शनिवारचा वर्ग पुन्हा भरला नाही.

गेल्या उन्हाळ्यात मी त्यांच्या घरी गेले. मॅडमचे वडील वारले होते. मिठागरांची नोंद मी नव्याने लिहिते, तुमची टिपणं द्या, असं मी मॅडमना म्हणाले.

"टिपनं हायत. तुला नाय देनार."

मग मी म्हटलं, खुलासासुद्धा लिहिते, आजच लिहिते. लाज अशी की हे सांगतानाही मला वाटत होतं, त्या मला नको म्हणतील, जाऊ दे म्हणतील.

"सात दिवस मी रोज उघडून बघत होते गो," मॅडम म्हणाल्या. "बाबा म्हनायचे, नोंद वाच. मी सांगायचे, रेंज नाय. जाईपर्यंत त्यांना तेच सांगितलं."

एवढं बोलून त्या आत गेल्या. त्यांच्या सुनेनं ठेवलेला चहा मी एकटीने प्यायले आणि रोह्याची एसटी पकडली. मिठागरांची नोंद ज्ञानकोशात आजही नाही. माझं खातं चालू आहे.