आधी आईचं ऐका

मी बाईंशी खोटं बोललो. फार मोठं नाही, ‘हो’ एवढंच. पण त्या एका ‘हो’नं एका मुलाची शाळा गेली, बाईंची खुर्ची गेली, आणि ती खुर्ची मला मिळाली. हे आधी सांगून टाकतो, कारण बाईंबद्दल नुसतं चांगलं लिहिलं तर तेही खोटंच होईल.

नव्वदच्या दशकात नाशिकमधली एक संस्था लहान मुलांचं बोलणं तपासणारं केंद्र चालवत असे. तीन ते सहा वर्षांचं मूल वयाच्या मानानं नीट वाक्यं जुळवतं का, हे आम्ही पाहायचो. शाळा आमच्याकडे मुलं पाठवत आणि आमच्या अहवालावर त्यांचं पुढचं ठरे. बाई तिथल्या प्रमुख. मी त्यांचा मदतनीस, नुकताच एम.ए. झालेला आणि स्वतःला बराच हुशार समजणारा.

एप्रिलच्या उन्हातसुद्धा बाई तपासणीच्या खोलीत पंखा लावू देत नसत. “पंख्यानं शेवटची अक्षरं उडतात,” त्या म्हणत. “आणि मराठीचं सगळं व्याकरण शब्दाच्या शेपटाशी असतं. शेपूट उडालं की हातात काय राहिलं?” आम्ही घामानं निथळत बसायचो. केंद्रातल्या मावशी खानदेशातल्या. त्या बाईंना मागून आपल्याकडच्या देवीच्या नावानं ‘कानबाई’ म्हणायच्या. एकदा ते बाईंच्या कानावर गेलं. त्या म्हणाल्या, “म्हणू देत. देवीला नैवेद्य तरी मिळतो, मला तुमचा चहाही वेळेवर मिळत नाही.”

मुलाला त्या प्रश्न विचारत नसत. सतरंजीवर बसून मटार सोलत, नाहीतर भातुकलीच्या चुलीवर खोटा भात चढवत. मूल आपोआप जवळ सरके, दाणे खाई आणि बोलायला लागे. एखादं अर्ध्या वाक्यात अडकलं, तर मी पुढचा शब्द पुरवायला जाई. मग बाईंचा पाय सतरंजीवरून माझ्या पायावर येई. “दुसऱ्याच्या तोंडात शब्द घालायचा नाही. वाट पाहायची,” मूल गेल्यावर त्या सुनावत. “मूल उत्तर देतं तेव्हा ते बोलत नसतं, सुटका करून घेत असतं.”

मुलांच्या चुकांवर त्यांचा विशेष जीव. एकदा एक मुलगी म्हणाली, “मी पोळी करली.” मी चुकीची खूण केली. बाई खेकसल्या, “अरे, घरात कुणी ‘करली’ म्हणत नाही. मग हिला शिकवलं कुणी? हिनं ‘धरली’, ‘भरली’ ऐकलं आणि नियम स्वतः शोधला. तिला चूक देतोस?” मग म्हणाल्या, “आता, हिची आईच ‘करली’ म्हणत असेल तर तो शोध नव्हे, वारसा. दोन्हींतलं काय ते कसं कळणार? आधी आईचं ऐका.”

हा त्यांचा सगळ्यात कडक नियम. मुलाला तपासण्याआधी अर्धा तास आईशी बोलायचं. पाऊसपाणी, भाजी, माहेर, काहीही. ती कशी बोलते ते कानात भरून घ्यायचं आणि मूल त्या मापानं मोजायचं, आपल्या नाही. संस्थेचे विश्वस्त यावर वैतागत. “बाई, एका मुलाला अख्खी सकाळ? चित्रं दाखवा, दहा मिनिटांत मोकळे व्हा.” बाई म्हणत, “तुम्ही मोकळे व्हाल हो. मूल अडकेल.”

मी खोटं बोललो त्या दिवशी दुपारी बाई कामासाठी बाहेर होत्या. देवळा तालुक्यातून आलेलं एक कुटुंब होतं. बाप मार्केटात हमाली करायचा, आई फुलं विकायची. मुलगा सहा वर्षांचा, नाव भावेश. शाळेनं पाठवताना लिहिलं होतं, वर्गात बोलत नाही. त्या दिवशी क्रिकेटचा सामना होता आणि कोपऱ्यावरच्या पानाच्या दुकानात टीव्ही. आई बाहेर पायरीवर बसली होती. मी तिला पाहिलं. बोलावलं नाही. पंखा लावला, चित्रं काढली आणि पोराला विचारत सुटलो, “हा काय करतोय? ही काय करतेय?” तो माझ्याकडे टकमक पाहत राहिला. जे चार शब्द बोलला ते मला तुटके वाटले. दुसरा डाव सुरू व्हायच्या आत मी दुकानापाशी होतो.

संध्याकाळी बाईंनी माझे आकडे पाहिले. “इतके कमी? आईचं ऐकलंस?”

“हो.”

त्यांनी सही केली. त्या अहवालावर शाळेनं भावेशला मतिमंद मुलांच्या शाळेत पाठवलं.

वर्षभरानं त्याची आई केंद्रात आली. नेमकी विश्वस्तांची बैठक चालू होती. ती सरळ आत शिरली. “बाई, मना पोऱ्या येडा नई शे. घरमा बोली बोली मनं डोकं खाई टाके. आते घरमाबी बोलत नई.” बाई एकदम ताठ झाल्या. असं खानदेशी बोलणारं घर आणि माझे ते आकडे, त्यांना क्षणात सगळं कळलं असणार. त्यांनी तिला खुर्ची दिली आणि शांतपणे विचारलं, “तपासणीच्या दिवशी तुम्ही आला होतात?”

“मी पायरीवर बठेल व्हतू. माले कोनी बलायंच नई.”

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. काही विचारलं नाही, नुसतं पाहिलं, बराच वेळ. मी टेबलावरच्या पाण्याच्या ग्लासाकडे पाहत होतो. मग त्या विश्वस्तांकडे वळल्या. “अहवालावर सही माझी आहे. चूक माझी.”

विश्वस्तांना निमित्तच हवं होतं. महिन्याभरात बाई गेल्या. जाताना त्यांनी आपली सतरंजी गुंडाळून रिक्षात ठेवली. मी उचलायला पुढे झालो तर म्हणाल्या, “राहू दे, जड नाही.” त्यांच्या खुर्चीवर मी बसलो. चित्रांची दहा मिनिटांची तपासणी सुरू केली, खोलीत दोन पंखे बसवले. विश्वस्त खूश होते. किती मुलांची शेपटं त्या पंख्यांनी उडवली, मला माहीत नाही. भावेशला पुढे बाईंनीच खटपट करून साध्या शाळेत परत घातलं, हे मला उडत उडत कळलं. पण तोवर तो वयानं मोठा झाला होता, वर्गातली पोरं त्याच्या खांद्याला लागत होती. तो टिकला नाही.

बऱ्याच वर्षांनी मी इंदिरानगरला बाईंच्या फ्लॅटवर गेलो. त्या गॅलरीत मटार सोलत होत्या. केस पांढरे, नजर तीच. मी उभ्या उभ्याच सगळं सांगून टाकलं.

“त्याची आई बैठकीत आली, त्याच दिवशी कळलं होतं मला,” त्या म्हणाल्या.

“मग तेव्हा बोलला का नाहीत?”

“वाट पाहिली. दुसऱ्याच्या तोंडात शब्द घालायची सवय नाही मला.” शेंगेतला दाणा किडका निघाला, तो त्यांनी बाजूला टाकला. “तुला फार वेळ लागला रे.”

मी माफी मागायला वाकलो तर त्यांनी पाय मागे घेतले. “माझ्याकडे काय मागतोस? आकडे खटकूनही तुझ्या एका ‘हो’वर विश्वास ठेवला, ती माझी चूक, तिची किंमत मी मोजली. तू आधी आईचं ऐक.” चहा विचारला नाही. मी त्याच लायकीचा होतो.

तरीही मी भावेशच्या आईकडे गेलो नाही. आज जाऊ, उद्या जाऊ. मग बाई गेल्याचं कळलं, तेही दहावा झाल्यावर. त्यांच्या मुलीनं मला कळवलं नव्हतं. त्याच आठवड्यात मी देवळ्याची बस धरली.

भावेशचं कुटुंब गावी परतलं होतं. त्याची आई कांदे साठवायच्या चाळीत कांदे निवडत होती. मी कोण ते सांगितल्यावर तिचे हात थांबले, मग पुन्हा चालू लागले. बस म्हणाली नाही. मी गोणपाटावर बसलो. पाठ करून आणलेली वाक्यं ओठावर होती, पण ती गिळली. बऱ्याच वेळानं ती आपणहून बोलू लागली. पावसाचं, बाजारभावाचं, सडलेल्या कांद्याचं. मग त्याचं. त्या शाळेत जातो म्हणून गल्लीतली पोरं हसायची. “मंग त्यानी बोलनंच बंद करी टाकं. आते काही इचारा, निस्ता ‘हा’ म्हनस.” तो पिकअप चालवतो. मुलगी पाहायला गेला तिथंही ‘हा’च म्हणाला, ते लोक उठून गेले.

बोलून बोलून ती थांबली. चाळीत वारा होता, पण तिचा एकही शब्द मी सुटू दिला नव्हता. मग मी म्हणालो, “ताई, त्या दिवशी तुम्ही पायरीवर होतात. मी तुम्हाला पाहिलं होतं. मॅच बघायची होती म्हणून बोलावलं नाही, आणि बाईंना खोटं सांगितलं. भावेशमध्ये काहीच कमी नव्हतं. बाईंचीही चूक नव्हती. माझी होती. मला माफ करा.”