जावेचा नळा

माझी धाकटी जाऊ दम्यानं गेली. दमा तिला माझ्यामुळे झाला नाही, पण तिचा नळा मी पुसत होते. ते सांगायचं आहे.

भिवंडीत एका घरात आम्ही दोघी अडतीस वर्षं राहिलो. दोघींचे नवरे आधीच गेले. तिला मूलबाळ नव्हतं. माझा मुलगा, सून आणि आम्ही दोन म्हाताऱ्या, एवढंच घर. मागच्या भिंतीला लागून लूमचा कारखाना. सुताची बारीक रुई खिडकीतून यायची आणि तांब्यावर, देवावर, उशीवर बसायची. सकाळी पुसलं की दुपारी पुन्हा तेच. माझ्या हातातून फडकं कधी सुटलं नाही.

जाऊ पडघ्याकडची. शाळेत गेलीच नव्हती. मी चौथी झालेली, म्हणून घरातलं सगळं मलाच कळतं असं मी धरून चालायचे. तिच्या हाताला वेग नव्हता आणि मी बोलायला कमी करत नव्हते. ती ऐकून घ्यायची.

दोन हजार सालानंतर तिचा दमा वाढला. दवाखान्यातून पंप मिळाला. तो सरळ तोंडात मारला की औषध घशालाच लागायचं आणि ती खोकत बसायची. मग नर्सबाईंनी स्पेसर दिला. दुधी भोपळ्याएवढा, आरपार दिसणारा प्लास्टिकचा. आम्ही त्याला नळाच म्हणायचो. एका तोंडाला पंप बसवायचा, दुसरं तोंड ओठांत धरायचं. पंप दाबला की औषध नळ्यात थांबतं आणि माणसाला ते सावकाश आत ओढता येतं.

पहिल्या दिवशी तो तोंडातून काढून ती म्हणाली, "ताय, बाटली लागली मला. आता मांडीवर घे."

"साठीला आलीस. लाज वाटू दे."

"म्हातारपणी पोर झाली गो तुला. पेढे वाट."

सून तोंडाला पदर लावून बाहेर पळाली.

नळा आठवड्याला धुवायचा, असं ती दवाखान्यातून ऐकून आली होती. मी म्हटलं, आठवडाभर कोण ठेवतं, मी रोज धुते. तिच्या हातचं धुणं मला पटायचं नाही. साबणाच्या पाण्यात बुचकळून काढायचे, मग काठीला फडकं गुंडाळून आतून-बाहेरून घासायचे. काचेसारखा लख्ख व्हायचा. ओला ठेवला तर रुई चिकटणार, हे मला कोणी सांगायला नको होतं.

ती उंबऱ्यावर बसून बघायची. एकदा म्हणाली, "ताय, र्‍हाऊ दे ना तसाच. वाळंल आपला."

"मग काय रुई ओढणार छातीत?"

"न्हाय," म्हणाली आणि उठून गेली.

पुढे पंप महिन्याच्या आधीच संपायला लागला. पूर्वी दोनदा दाबायची, आता चारदा, पाचदा. मी म्हटलं, "लिमलेटच्या गोळ्या आहेत का? सवय लागली तुला."

"आत जातच न्हाय काय."

"नीट ओढत नाहीस." आणि मी तिच्यासमोर बसून श्वास कसा ओढायचा ते तिला करून दाखवलं. माझी छाती धडधाकट. ती बिचारी माझ्याकडे बघून तसं करायचा प्रयत्न करत होती.

दसऱ्याच्या आधी आम्ही सगळं घर धुवायला काढलं. माळ्यावरचे डबे खाली आले, गाद्या झटकल्या. तिला बाहेर बसायला सांगितलं होतं, तरी डबे घासायला आत आली. दुपारी तिला लागला तो दम काही सुटेना. सून धावत नळा घेऊन आली. सकाळीच मी तो दोनदा पुसला होता, सण म्हणून. मी पंप हलवला, दाबला. तिनं ओढलं. पुन्हा दाबला. नळ्यात पांढरा धूर दिसायचा आणि लगेच नाहीसा व्हायचा. मला वाटायचं, गेला आत. ती मान हलवत होती. मी तिच्यावर ओरडले, "ओढ ना!"

रिक्षातून दवाखान्यात नेलं. ऑक्सिजन लावला. दुसऱ्या दिवशी सकाळी ती गेली. तिला मी शेवटचं बोलले ते हेच, ओढ ना.

तेराव्यानंतर नळा घरात ठेवून काय करायचं, म्हणून मी दवाखान्यात द्यायला गेले. बाकावर बसले. नर्सबाई एका बुरखेवाल्या बाईला तिच्या मुलीचा नळा समजावत होत्या.

"धोके ऐसेही रखना. पोंछना नहीं."

"गीला ही रखूँ?"

"हाँ, हवा में सूखने दो. कपड़े से रगड़ोगी तो दवाई अंदर प्लास्टिक को चिपक जाती है. बच्ची के सीने में क्या जाएगा?"

मी पिशवी मांडीवर घट्ट धरून बसले. ती बाई गेल्यावर विचारलं, "हे सगळ्यांना सांगता?"

"सगळ्यांना, मावशी. तुमच्या जाऊबाईंना तर दोनदा सांगितलं. पंप लवकर का संपतो म्हणून मी विचारलं, तेव्हा म्हणाल्या, आमच्या घरात पुसणारी दुसरी हाय, तिला सांगायला जमंल तेव्हा सांगते."

माझा चेहरा बघून नर्सबाई घाईनं म्हणाल्या, त्यानंच गेल्या असं काही नाही, दमा फार जुना होता. असेल. मला त्यातलं कळत नाही. मला एवढंच कळलं की तिला ठाऊक होतं. उंबऱ्यावर बसून, माझं फडकं नळ्यात फिरताना बघत ती योग्य वेळेची वाट बघत होती, आणि मी ती वेळ एकदाही येऊ दिली नाही.

वापरलेला नळा त्यांनी घेतला नाही. मी तो परत आणला.

घरी सून भाजी निवडत होती. मी तिला विचारलं, "तुला माझी भीती वाटते का गं?"

"नाही हो आई," ती लगेच म्हणाली. मान वर केली नाही.