पूजेतला शास्त्रज्ञ

दसऱ्याच्या सकाळी बाबांनी पाटावर सरस्वती काढलेली पाटी, माझा लॅपटॉप आणि त्यांची ती फ्रेम मांडली, तेव्हा मी आधी घड्याळाकडे पाहिलं. फ्रेममध्ये क्वांटम सिद्धान्ताचा पाया घालणाऱ्यांपैकी एक जर्मन शास्त्रज्ञ होता. पुण्याच्या कॉलेजात बाबांनी जन्मभर हा माणूस शिकवला आणि दर दसऱ्याला त्याला झेंडूचा हार घातला. घरात कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. पण आता आम्ही नेदरलँड्समध्ये, डेल्फ्टला होतो, आणि जेवायला शेजारचे डच काका यायचे होते.

"बाबा, आजच्या दिवस फोटो आत ठेवू या. काकांच्या वडिलांना जर्मनांनी पकडून नेलं होतं."

"हा शास्त्रज्ञ आहे, शिपाई नव्हे."

"युद्धात जर्मनांचं अणुसंशोधन हाच बघत होता ना?"

"बघत होता. पण बॉम्ब त्यानं मुद्दाम होऊ दिला नाही."

"काही जण म्हणतात, त्याला जमलाच नाही."

बाबांनी घंटा वाजवायला घेतली. "मांडलेली पूजा उत्तरपूजेपर्यंत हलवत नाहीत." विषय संपला. प्राध्यापकाशी वाद घालण्यापेक्षा भिंतीशी बोललेलं बरं.

आई गेल्यावर बाबा पुण्यात एकटेच राहत. गेल्या वर्षी बाथरूममध्ये पडले, आणि दुपारी शेजाऱ्यांनी दार वाजवेपर्यंत कुणाला पत्ता नव्हता. त्याआधी दोनदा इथे आणलं होतं, पण दोन्ही वेळा कंटाळून परत गेले. मी दिवसभर क्वांटम संगणकाच्या लॅबमध्ये, ते खिडकीशी. यंदा मात्र काका भेटले. इतिहासाचे निवृत्त शिक्षक, ऐंशी ओलांडलेले. रोज सकाळी दोघं कालव्याच्या काठानं फिरायला जात, आपापल्या इंग्रजीत कडाकडा भांडत. बाबांनी परतीच्या तिकिटाचं नाव काढणं बंद केलं होतं. ही मैत्री तुटली तर बाबा पुन्हा त्या रिकाम्या घरात जाणार, एवढंच मला दिसत होतं.

काका इथल्या रीतीप्रमाणे ठरल्या वेळेला दारात हजर. हातात डेलियाची फुलं. बाबांनी उत्साहानं त्यांना थेट पाटापाशी नेलं आणि समजावलं, "आज ज्यानं त्यानं आपलं अवजार पुजायचं. सुतारानं करवत, मी पुस्तकं, हिनं लॅपटॉप."

काका फ्रेमकडे बघत राहिले. मी उगीचच पुऱ्यांच्या डब्याचं झाकण उघडलं आणि लावलं.

"हा इथे आला होता," ते म्हणाले. "देश जर्मनांच्या ताब्यात असताना, पाहुणा म्हणून. पुढच्या वर्षी माझ्या वडिलांना आमच्या गल्लीतून नेलं. मी तेव्हा आईच्या पोटात होतो. ते परत आले नाहीत."

मी बाबांकडे पाहिलं. गप्प बसा, एवढंच मनात म्हणत होते. पण बाबा बोललेच. "त्याचं गणित मात्र खरं होतं."

"असेल. मग गणिताला हार घाला."

श्रीखंडाला हात न लावता काका गेले. मला बाबांचा इतका राग आला की ताटं आपटतच उचलली. त्यातून स्वतःचाही राग येत होता, कारण माझी सगळी नोकरी त्याच गणितावर चालते. बाबा खुर्चीत बसून होते. ताटं विसळून झाली तेव्हा म्हणाले, "तिकीट बघ गं पुण्याचं." मी नळ मोठा सोडून भांडी घासत राहिले.

तेवढ्यात बेल वाजली.

काका होते. या वेळी त्यांनी बूट दाराबाहेर काढले. कोटाच्या आतून जुन्या फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी काढून त्यांनी बाबांपुढे धरलं. लाकडी रंधा होता. मूठ वापरून वापरून गुळगुळीत झालेली.

"माझे वडील सुतार होते," ते म्हणाले. "तुम्ही म्हणालात, आज अवजार पुजतात."

पाटावर जागा नव्हती. मी लॅपटॉप सरकवायला पुढे झाले, तर बाबांनी मला हातानं थांबवलं. वाकायला त्यांना त्रास होतो, तरी वाकले. फ्रेम उचलली, तिचा हार काढला आणि ती नेऊन कपाटात पुस्तकांमध्ये उभी केली. मग दोन्ही हातांनी रंधा घेऊन सरस्वतीशेजारी ठेवला. कुंकू लावायला त्यांनी काकांचं बोट धरून करंड्यात बुडवलं.

फ्रेमचा हार मी रंध्याला घालायला गेले, तसे बाबा खेकसले, "उतरलेला हार घालतात का कधी? बाल्कनीतली ताजी फुलं आण."

मी कात्री घेऊन बाल्कनीत गेले. कुंडीत थंडीनं कोमेजत आलेले थोडेच झेंडू उरले होते. डोळे भरल्यामुळे नीट दिसेना, पण सगळे कापून आणले.