शेजारच्या आजोबांचं इंग्लंडमधलं गाव

मंडळी, आज डबा आणायला गेले आणि अडकले.

शेजारचे इंग्रज आजोबा माझ्यासारखेच या देशात बाहेरून आलेले, एकटेच राहतात. आपल्याकडे रिकामा डबा परत देत नाहीत, हे मीच त्यांना हौसेनं सांगून ठेवलंय. आता डब्यात घालायला काही सापडेपर्यंत ते मला बसवतात आणि आपलं इंग्लंडमधलं गाव ऐकवतात. चर्च, दगडी पूल, बंद पडलेली गिरणी. माझ्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्यानं उपसायचा राहिला होता, पण मध्येच उठणार कसं?

सुटका व्हावी म्हणून म्हटलं, "एकदा जाऊन या ना."

"तिथं मला ओळखणारं कुणी उरलं नाही." त्यांनी डब्यात दोन सफरचंदं ठेवली. "तुझ्या गावात?"

मी एकेक घर आठवत गेले. डबा हातात होता, तरी उठता येईना.

तुमच्या गावात कोण आहे अजून?