गाळलेली ओळ

गास या गावी आमची केळीची वाडी होती, तेव्हाची ही गोष्ट. आजवर कुणाला सांगितलेली नाही. बायकोलाही नाही.

दुसरं महायुद्ध नुकतंच संपलं होतं. मी बावीस-तेवीस वर्षांचा, शाळेत मास्तर, आणि लेखक व्हायचं वेड. मुंबईच्या मासिकांकडून लेख साभार परत यायचे. तरी रोज सकाळी विहिरीजवळ वही घेऊन बसायचो. रहाट फिरू लागला की एकेक गाडगं पन्हळीत रितं व्हायचं, आणि त्या पडत्या पाण्याला आपसूक ठेका असायचा. तो ऐकत बसलं की वाटायचं, आपल्याला काहीतरी सुचतंय. खरं म्हणजे सुचत होतं ते दुसऱ्याच कुणाला.

रहाटाचा रेडा हाकायला खाडीकडच्या गावचा एक म्हातारा होता. त्याची बायको वाडीच्या पार टोकाला फावड्यानं पाणी वळवायची. केळींच्या दाटीत दोघं एकमेकांना दिसत नसत, म्हणून ती गायची. एका आळ्याला एक गाणं. गाणं थांबलं म्हणजे आळं भरलं. म्हातारा रेडा उभा करायचा. तिनं पुढचं आळं उघडून पुन्हा सूर लावला की रेडा चालू. गाणी तिनंच रचलेली. त्यातलं एक असं:

पान्या, हलू ये रं, केल माजी लेकुरवाली,
पान्या, हलू ये रं, मी बी भरल्या दिसांची आली.

मी ते उतरवून घेतलं. ‘पान्या’चं ‘पाण्या’ केलं, ‘हलू’चं ‘हळू’. दुसरी ओळ मला ओबडधोबड वाटली, ती गाळली. भोवती पाणी, संगीत आणि माणसाचं मन यांवर चार पानं चिंतन रचलं आणि वर माझं नाव घातलं. या वेळी लेख परत आला नाही, छापून आला. मग गावच्या वाचनालयात तेच गाणं मी पेटीवर म्हणून दाखवलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. पहिल्या रांगेत आई पदरानं डोळे पुसत होती.

त्यानंतर आठवड्याभरात आई दोन पाहुण्या बायकांना वाडी दाखवायला घेऊन आली. मी बरोबर होतो. टोकाला म्हातारी गात होती. आई थांबली.

“अगं बाई! आमच्या मुलाचं गाणं तुझ्याही तोंडी बसलं? पण नीट म्हण की. पाणी म्हणावं, पानी काय!”

पाहुण्या हसल्या.

“आणि ती पुढची ओळ कुठली जोडलीस? शोभत नाही हो ती.”

म्हातारीनं माझ्याकडे पाहिलं. मी दोन हातांच्या अंतरावर उभा होतो. एक वाक्य पुरलं असतं. मी वाकून चपलेचा चिखल काढू लागलो.

“भाऊंचंच हाय, बाय,” ती आईला म्हणाली. “माज्या तोंडी बिघडलं.”

दुसऱ्या दिवशी ती गायली नाही. म्हाताऱ्याला कळेना आळं भरलं की नाही. त्यानं रेडा चालूच ठेवला, पाणी बांध फोडून वाटेवर आलं. माझे वडील दोघांनाही वाटेल ते बोलले. तेही मी उभ्यानं ऐकलं. मग त्या दोघा नवराबायकोची हाकाहाक सुरू झाली.

“भरला का गो?”

“भरला!”

“मुकी झालीस काय? रेड्याला पन करमत नाय.”

“मंग तू गा. तुजा आवाज ऐकून रेडा हिरीत उडी मारल.”

मीसुद्धा हसलो होतो, हे लिहायला हवं.

पुढे इंजिन आलं, रहाट गेला, तीही दोघं आपल्या गावी परत गेली. लेख मात्र मी लिहीत राहिलो. पाण्यावर लिहावं तर यांनीच, असं लोक म्हणू लागले. अखेर आठ-नऊ वर्षांनी म्हातारीच्या घरी गेलो. म्हातारा वारला होता. ती ओटीवर तांदूळ पाखडत होती. म्हटलं, “काकी, ते गाणं मी चोरलं.”

सूप थांबलं नाही. “मला ठाव हाय. मला काय सांगता?”

“ती ओळही मी गाळली.”

“थोरलीच्या वेलेला बांधलेली ती. फावडं उचलत नव्हतं, नि पानी धावत यायचं. पान्याला सांगत होते. मानसाला कोन सांगनार?” मग तिनं सूप खाली ठेवलं. “बायला सांगा, भाऊ. तिनं चारचौघींत मला शोभत नाय म्हटलं. तिला एवढं सांगा.”

सांगतो म्हणालो. घरी आलो तर आई केळफूल सोलत बसली होती. तिच्यासमोर बसलो. बोटं काळी होईपर्यंत तिच्याबरोबर सोलत राहिलो. “आज काही लिहायचं नाही का रे?” तिनं विचारलं. “नाही,” म्हणालो.

आईला जाऊन आता सहा वर्षं झाली. त्या संध्याकाळनंतरही ती बारा वर्षं होती, रोज माझ्यासमोर जेवायला बसत होती. मी सांगितलं नाही.